अकरा घनमीटर

आदरणीय ताव्हेत्तीभाऊ यांना आउलिसचा सविनय नमस्कार.

तुमचा गुडघा आता कसा आहे? एल्लीवहिनींचा खोकला गेला का? तुमच्या कोंबड्या, तुमची होडी आणि त्या होडीचं इंजिन (जे तुम्ही दर वसंतात दुरुस्त करता आणि तरी वल्ही मारतच परत येता) ही सगळी मंडळी खुशाल असावीत. हिल्क्काची खुशाली विचारत नाही. सख्ख्या बायकोची खुशाली तिच्या भावाला विचारायची पाळी माझ्यावर आलेली नाही, असं मी पोस्टातल्या बाईंना सांगितलंय आणि त्यावर ठाम राहणार आहे. ती शनिवारी टॉवेल घेऊन बसनं तुमच्याकडे सॉनाला, वाफेच्या आंघोळीला, आली, संध्याकाळच्या बसनं परत यायची होती, आली नाही. पुढचा शनिवारही गेला. त्याबद्दल मी या पत्रात चकार शब्द काढणार नाही. पत्रास कारण निव्वळ भूमिती.

तुम्ही म्हणे सगळीकडे सांगत सुटला आहात की, जावयानं सासऱ्याचा सॉना पाडला आणि त्या जागी भोपळा उभा केला. (शेजारच्या पेन्टीनं सांगितलं. पेन्टीला कोणी सांगितलं ते त्यानं सांगितलं नाही, पण खोकत सांगितलं, म्हणजे एल्लीवहिनींनीच.) तेव्हा माझी बाजू ऐका. तुमच्या वडिलांनी बांधलेल्या सॉनाचे खालचे ओंडके कुजले होते, हे तुम्हालाही मान्य आहे. हिल्क्काचं म्हणणं, तेवढेच बदलू. आता ज्या माणसानं जन्मभर शाळेत भूमिती शिकवली, त्याला निवृत्तीनंतर नुसते ओंडके बदलायला सांगणं म्हणजे आचाऱ्याला बटाटे सोलायला बसवणं. मी टेप घेतली आणि सॉना मोजला. घनफळ अकरा घनमीटर. आकार इष्टिकाचिती, म्हणजे खोकं. आता बघा भाऊ, आपण बसतो घनफळात, पण ऊब पळते ती पृष्ठफळातून. म्हणून शहाण्यानं असा आकार घ्यावा, ज्यात जागा जास्तीत जास्त आणि कातडी कमीत कमी. असा आकार जगात एकच, गोल. अख्ख्या गोलात माणसं घरंगळतील, म्हणून अर्धगोल. दोन मीटर त्रिज्या घेतली तर पावणेसतरा घनमीटर जागा आणि छतभिंती मिळून पंचवीस चौरस मीटर. तेवढीच जागा चौकोनी खोलीत घ्या, जवळजवळ तेहेतीस लागतात! हे सगळं मी हिल्क्काला स्वयंपाकघरात उभं राहून समजावलं. तिनं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, "वरची फळी तेवढी राहू द्या." मी म्हटलं, फळी सूत्रात येत नाही.

सॉना एका सकाळीतच आडवा झाला. पायाचे दगड काँक्रीटखाली गेले. पुढे कळलं की लाकडी फळ्या अर्धगोलात वाकत नाहीत (कागदावर त्या फार छान वाकल्या होत्या), म्हणून मी बंद पडलेल्या दूधडेअरीच्या धुराड्याच्या विटा आणल्या. धुराड्याच्या विटांना उष्णतेची सवय असते, असा माझा एक विचार होता. भट्टी घ्यायला शहरात गेलो. दुकानदारानं विचारलं, किती घनमीटर? आयुष्यात पहिल्यांदा एखाद्या दुकानदारानं मला योग्य प्रश्न विचारला होता. मी पावणेसतरा म्हणालो, त्यानं सतराची भट्टी दिली, आणि मी इतका खूश झालो की पावती तिथंच विसरलो. घरी आल्यावर हिल्क्का भट्टीच्या दारावर चिकटवलेला कागद वाचायला लागली. मी म्हटलं, अगं, तसले कागद ज्यांना हिशेब येत नाही त्यांच्यासाठी असतात. तिनं वाचणं थांबवलं.

पहिल्या शनिवारी पेन्टी आणि त्याची बायको रायली यांना बोलावलं. पहिली पाळी आम्हा पुरुषांची. बाकं मी भिंतीलगत गोल बांधलीत, आणि अर्धगोलाचा स्वभाव असा की बसल्यावर भिंत मागून येऊन मान पुढे ढकलते. आम्ही दोघं चर्चमध्ये पापं कबूल करायला आल्यासारखे खाली बघत बसलो. मी भट्टीवरच्या तापलेल्या दगडांवर पाणी टाकलं. वाफ झाली, चांगली झाली, आणि सरळ घुमटाच्या टोकाला जाऊन बसली. तिथं कोणीच बसलेलं नव्हतं. खाली आमचे पाय निळे पडले. पेन्टीनं थोडा वेळ सहन केलं, मग बादली उपडी करून मधोमध ठेवली, तिच्यावर नागडा उभा राहिला, फक्त डोकं वाफेत.

"मास्तर," तो वरून म्हणाला, "कानांना छान शेक बसतोय. बाकीचा मी कधी यायचा?"

मग पाळीपाळीनं बादलीवर चढलो. भट्टीत मी जुन्या सॉनाचं लाकूड घालत होतो (कुजका भाग सोडला तर काय वाळलेलं होतं, भाऊ! ढणाढणा पेटायचं), तरी भिंती थंडगार. बाहेर आलो तेव्हा रायलीनं विचारलं, झाला का गरम? पेन्टी म्हणाला, "उंचीवर अवलंबून आहे." आणि सॉसेज घेऊन तळ्याकडे निघून गेला.

बायका आत गेल्या. मी बाहेरच्या खोलीतून भट्टीच्या तोंडाशी गुडघे टेकून लाकडं सारत होतो, तेव्हा तो चिकटवलेला कागद अगदी नाकासमोर आला. म्हणून वाचला, दुसरं काही कारण नव्हतं. लिहिलं होतं, भिंत विटेची असेल तर तिच्या दर चौरस मीटरमागे घनफळात सव्वा घनमीटर मिळवावा, कारण वीटच आधी ऊब पिऊन टाकते. पंचवीस गुणिले सव्वा. अधिक पावणेसतरा. अठ्ठेचाळीस! सतराची भट्टी घेऊन मी अठ्ठेचाळीस घनमीटर तापवायला बसलो होतो. पृष्ठफळ कमी केलं, कमी केलं म्हणून गावभर नाचलो आणि तेच पृष्ठफळ हिशेबात धरायला विसरलो. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.  आणि तेवढ्यात घुमटाची दुसरी करामत कळली. पलीकडच्या बाकावर कोणी कुजबुजलं तर ते छतावरून घसरत भट्टीशेजारच्या फटीतून (ती बुजवायची राहिली होती) थेट माझ्या कानात पडत होतं.

"मी त्या सॉनात जन्मले गं रायली," हिल्क्का म्हणत होती. "त्या वरच्या फळीवर. आणि आईला शेवटची आंघोळही आम्ही तिथंच घातली. ह्यांनी तो मोजला, अकरा घनमीटर म्हणाले, आणि पाडला."

रायली काहीतरी बोलली.

"मी काय बोलणार? ह्यांनी मला काही विचारलं नाही, मला समजावलं. आता माझी वेळ आली की मला कुठं धुणार? या भोपळ्यात? बादलीवर उभी करून?"

भाऊ, ती रडत नव्हती. रडली असती तर मी आत जाऊन काहीतरी बोललो असतो. ती हसत होती, दोघी हसत होत्या, आणि मी भट्टीसमोर गुडघ्यांवर बसून तिच्या जन्माच्या खोलीचं लाकूड हातात धरून होतो. ते आत सारवेना आणि खालीही ठेववेना. मला फार लाज वाटली. एवढी लाज मला कधी वाटल्याचं आठवत नाही.

नंतर ती बाहेर आली, कॉफी ठेवली, माशाची पोळी कापली, मला मोठा तुकडा दिला. पुढच्या शनिवारी टॉवेल घेऊन बसला गेली.

आता इथं काय चाललंय ते सांगतो, म्हणजे भूमितीपुरतं. मध्यग्रीष्माचा सण तोंडावर आलाय, गावात घरोघर सॉनात एकमेकांच्या पाठीवर मारायला बर्चच्या डहाळ्यांच्या जुड्या बांधताहेत. मी एक बांधली आणि कोणाला मारायची ते न सुचल्यानं खुंटीला अडकवली. संध्याकाळी घुमटात जाऊन बसतो. तो तापत नाही. मी बोललेलं फिरून माझ्याकडेच येतं, आणि खरं सांगायचं तर माझं बोलणं एवढं कंटाळवाणं असतं हे मला ठाऊक नव्हतं. घर तेवढंच आहे, खोल्या त्याच, पण एक माणूस कमी झाल्यावर घनफळ वाढतं. याला सूत्र नाही. मी शोधलं.

वहिनींना नमस्कार. कोंबड्यांना आशीर्वाद.

आपला नम्र,
आउलिस

ता.क. १ : वरचं कुजबुजीचं हिल्क्काला कळू देऊ नका. पंचवीस आणि तेहेतीसचा फरक मात्र तुम्हाला वाटलं तर वाचून दाखवा. तो बरोबरच आहे.

ता.क. २ : पंचवीस-तेहेतीसचंही नको.

ता.क. ३ : पेन्टीकडून घण आणलाय. उद्या घुमट पाडतो. पुन्हा खोकंच बांधायचंय, जसं होतं तसं, लाकडाचं. अडचण एवढीच की माझ्याकडे अकरा हा आकडा सोडून काही उरलेलं नाही. लांबी, रुंदी, उंची मी लक्षात ठेवली नाही. गुणाकार झाल्यावर त्यांचं काय काम, असं तेव्हा वाटलं. ओंडके जळून गेले. आणि अकरा घनमीटरचे सॉने, भाऊ, अगणित होतात : बुटके, उंच, अरुंद, बोगद्यासारखे. त्यांतला एकच तिचा. दार कुठं होतं, खिडकी तळ्याकडे होती की गोठ्याकडे, वरची फळी जमिनीपासून किती उंच होती, यातलं दर शनिवारी तिथं बसूनही मला काहीही ठाऊक नाही. हे तिला विचारायला हवं. पत्रातून आकडे कळवून भागायचं नाही, आकड्यांवर माझा विश्वास राहिलेला नाही. तिनं इथं येऊन, उभं राहून, फळी कुठवर होती ते हातानं दाखवायला हवं.

तुम्हीही त्याच सॉनात लहानाचे मोठे झालात, तुम्हालाही सगळं आठवत असणार. कृपा करून मला सांगू नका.