सखाबाईने ठेवलेलं नाव

भंडारा, दवाखान्यातून

प्रिय रेणू,

अंकुशराव आत आपल्या लेकीचं दूध पोचवायला गेलेत. ते परत निघायच्या आत हे लिहून त्यांच्या हाती द्यायचं आहे, म्हणून अक्षर वेडंवाकडं येईल. फोनवर मी मूळ गोष्टीला हात घातला की तू "बरं आई" म्हणतेस आणि ठेवून देतेस. कागदावरचं बोलणं मध्येच तोडता येत नाही, म्हणून आज कागद.

तुझी लेक तशीच आहे. डॉक्टर बिघडलं म्हणत नाहीत आणि सुधारलंही म्हणत नाहीत. श्वासाची नळी अजून आहे. तू बर्फाच्या डब्यातून पाठवतेस ते दूध दुसऱ्या नळीने थेंब थेंब देतात. तुझे टाके ओले आहेत, लाखांदूरहून इथवरचा रस्ता लांब आहे, हे मला कळतं. पण सुटी झाली त्या दिवशी तू तिच्या खोलीच्या काचेपाशी न जाता सरळ गाडीत जाऊन बसलीस, तेव्हा टाके कारण नव्हते, हेही मला कळतं.

काल विहीणबाईंचा निरोप आला. मुलीला सगळ्यांनी कचरी म्हणायचं, दवाखान्यातल्या बायांनाही तसंच सांगून ठेवायचं. मला त्यांचा राग आला नाही. त्या घाबरल्या आहेत. मला राग आला तो तुझ्या उत्तराचा. तू म्हणालीस, "कोनतंच नाव नोको, आई. नाव ठेवलं का लेकरू जाते."

तुला माझ्या नावाची गोष्ट अर्धीच माहीत आहे. आंधळगावात आपल्या घरी माझ्याआधी दोन लेकरं गेली होती. तेव्हा एक रीत होती. लेकरं जगत नसली की नवं बाळ सुपात घालून दुसऱ्या घरच्या बाईच्या दारात ठेवायचं. तिने उचललं की ते तिचं झालं. मग मूठभर कोंडा देऊन तिच्याकडून परत घ्यायचं. नाव मात्र तिने ठेवायचं, तेही टाकाऊ, म्हणजे मरणाला वाटावं की हे कोणाच्या कामाचं नाही. आजीचा या रीतीवर पूर्ण विश्वास होता, कारण माझे बाबा तसेच वाचले होते. दर्ग्यावरच्या फकिराच्या झोळीत घालून परत मागून घेतलेले, म्हणून फकिरा. तळ्यात जाळं टाकणाऱ्या घरातला फकिरा मेश्राम.

आजीने दार निवडलं ते सखाबाईचं. तिचंही आडनाव मेश्रामच. आपल्याकडे मेश्राम म्हटलं की लोक लगेच विचारतात, कोणते, म्हणजे कोणत्या जातीचे? सखाबाई बौद्ध वस्तीतली, आणि एरवी आजी तिच्या हातचं पाणी घेत नव्हती. पण हलक्या घरून हलकं नाव मिळेल, हा आजीचा हिशोब. सूप दारात ठेवून ती कोंडा घेऊन उभी राहिली. सखाबाईने मला उचललं, पदराने तोंड पुसलं आणि म्हणाली, नंदिनी. शाळेच्या मास्तरांना ती आधीच विचारून आली होती की आनंद देणारीला काय म्हणतात.

आजी संतापली. हे असलं नाव मागितलं नव्हतं, बदल, म्हणाली. सखाबाईचं उत्तर गावात पुढे कितीतरी वर्षं सांगत होते. "पोरगी माही झाली ना आता? मंग नाव बी माहंच. तुमाले कचरा पाह्यजे होता, तं तो तुमच्या आंगनात हाय." रीत आजीनेच काढली होती, तिला मोडता येईना. कोंडा देऊन तिने मला घेतलं आणि पाय आपटत घरी आली.

यापुढचं तुला कोणी सांगितलेलं नाही. त्या दिवसापासून माझं जगणं सखाबाईच्या अंगावर पडलं. मला शिंक आली तरी आजी गल्लीतून ओरडून तिला ऐकवायची. तिसऱ्या वर्षी मला गोवर निघाला आणि ताप डोक्यात गेला. आजीने मला उचललं, तिच्या ओट्यावर नेऊन ठेवलं आणि म्हणाली, "मेली तं तुह्या दारात मरन." वस्तीतले लोक सखाबाईला सांगत होते, बदलून टाक नाव, काही झालं तर हे तुला गावात राहू देणार नाहीत. ती उठली नाही. ओल्या फडक्याने अंग पुसत नाव घेत राहिली. नंदिनी, पानी पे. नंदिनी, डोळे उघड. मी नावाने वाचले असं मी म्हणत नाही. ताप उतरायचा होता, उतरला. आजी मला घेऊन आली आणि त्यानंतर सखाबाईच्या घरी चहा पिऊ लागली. इतकंच.

तू पोटात होतीस तेव्हा मी सखाबाईला विचारलं, एवढी भीती असताना तू हट्ट काहून केला? तेव्हा ती म्हातारी झाली होती.  ती म्हणाली की दीक्षेच्या आधी तिला एक मुलगा झाला होता. घरच्यांनी जगावा म्हणून कचऱ्या ठेवलं. "तरी गेला माय. अन् जातानी मी त्याले काय मनून हाक मारली? कचऱ्या. बापू मनायचं बी सुचलं नाही मले."

रेणू, पहिल्या वेळी गुंजनचं नाव तू टोपड्यावर विणलं होतंस आणि तो गेला. दुसऱ्या वेळी तू नाव मनातसुद्धा येऊ दिलं नाहीस, आणि तीही गेली. आज गुंजनबद्दल तू बोलू शकतेस. रडतेस, पण बोलतेस. त्या दुसरीबद्दल बोलताना तू "ते" म्हणतेस आणि थांबतेस. मी शेजारी बसून ते थांबणं ऐकलं आहे. म्हणून नाव न ठेवल्याने काही वाचतं, हे मला पटत नाही.

आता हे पत्र का, ते लिहिते. उद्या सकाळी डॉक्टर श्वासाची नळी काढून बघणार आहेत. ती स्वतःहून श्वास घेईल का, याची खात्री ते देत नाहीत, आणि मीही तुला खोटी देणार नाही. नळी काढल्यावर तिला आईच्या छातीशी धरायचं असतं. आई नसेल तर आजी चालेल, म्हणाले. मी नाही म्हटलं. अंकुशराव पहाटे गाडी आणतील, तू निघ. विहीणबाईंशी मी बोलले आहे, त्या अडवणार नाहीत. सातव्या महिन्यात पोटावर हात ठेवून तू काहीतरी पुटपुटायचीस आणि मी आत आले की गप्प व्हायचीस. तुझ्याजवळ नाव आहे, हे मला तेव्हाच कळलं होतं. ते मला सांगू नकोस, अंकुशरावांनाही नको. आधी तिला सांग.

काचेपाशी तुझी जागा धरून बसलेली,
तुझीच
आई