थांबे कोणी पुकारत नाही

रविवार, ८ जून

प्रिय बडबड्या,

तू मजेत असशील आणि वहिनींच्या गुडघ्यांनी त्यांना फार छळलं नसेल असं धरून चालतो. इकडे आमची ही बरी आहे, मीही बरा आहे. फोन करू नकोस. लाइन बिघडली आहे, नुसती खरखर येते. म्हणून पुन्हा अंध शाळेत असल्यासारखा ठिपके टोचत बसलोय. एका परीने बरंच झालं. या घरात माझ्याशिवाय कुणाला ब्रेल वाचता येत नाही, आणि हे हिच्या हाती पडायला नको आहे.

माझ्या पाठीमागे काहीतरी शिजतंय.

हसू नकोस. आपण वसतिगृहात एकत्र वाढलो. कोण दबक्या पावलांनी खाऊच्या डब्याकडे निघालाय हे आपल्याला पांघरुणाच्या आतून कळायचं. तसंच हे कळतंय. मी स्वयंपाकघरात पाऊल टाकलं की ही आणि आमची मुलगी बोलता बोलता आवाज खाली आणतात. विचारलं की, ‘काही नाही हो.’ मागच्या आठवड्यात सिनेगॉगच्या कचेरीत गेलो, खुर्ची ओढून बसलो, सावकाश चहा प्यायलो, आणि मग समोरून अध्यक्ष खोकले. म्हणजे हा माणूस इतका वेळ तिथेच होता! ‘आंधळ्याच्या समोर असाल तर आवाज द्या’, हे अंधांच्या हक्कांवरच्या माझ्या प्रत्येक भाषणातलं पहिलं वाक्य. ते त्यांना तोंडपाठ आहे. विचारलं तर म्हणाले, ‘अहो, तुम्ही आलात तेव्हाच बोललो की मी.’ सरळ थाप.

मला वाटतं, मी त्यांना नकोसा झालोय. तू मला गाणारा पुजारी म्हणतोस. पुन्हा सांगतो, हज्जान म्हणजे पुजारी नव्हे. सगळ्यांच्या वतीने प्रार्थना गाऊन पुढे नेणारा तो हज्जान. तोराची, म्हणजे आमच्या धर्मग्रंथाची, गुंडाळी डोळ्यांनी बघूनच वाचायची असते, ते दुसरे करतात. प्रार्थना मला सगळ्या पाठ आहेत, त्या मी गातो. आंधळा हज्जान चालेल का, यावर केवढं रण माजलं होतं, तुला आठवत असेल. तेव्हा निदान उघड भांडले. आता गोड बोलतात. मला गोड बोलणाऱ्यांचीच जास्त धास्ती वाटते.

त्यात राणीसरकार. म्हणजे माझी शिष्या. चाकांच्या खुर्चीत बसते म्हणून तिने स्वतःच घेतलेलं नाव. तिला वर येऊन गाता यावं म्हणून मी व्यासपीठाला उतार करून घेतला, पायऱ्या फोडून होईपर्यंत गवंड्यांच्या मानगुटीवर बसलो. तीच आता मला उघडं पाडतेय. मी एक सूर देतो, ती भलत्याच सुरात उत्तर देते, आणि मग घसरत घसरत माझ्याकडे येते, जणू माझ्यावर उपकार करतेय. ऐकणाऱ्यांना काय वाटेल? म्हातारा संपला. हेच तिला दाखवायचं असणार. काल शनिवारची, शब्बाथची प्रार्थना झाल्यावर मी तिला सगळ्यांदेखत म्हटलं, ‘माझी जागा हवी असेल तर माग. अशी चोरू नकोस.’ ती काही बोलली नाही. किंवा बोलली असेल. मी निघून आलो.

बसवाल्यांचंही तेच. प्रत्येक बसमध्ये थांब्याचं नाव पुकारलं जावं म्हणून आम्ही डेपोच्या दारात आडवे झालो होतो. आता मी चढलो की ते लोक टेपचा आवाज बारीक करतात. परवा थांबा चुकून भलतीकडेच उतरलो. उद्या डेपोत जातोय. मॅनेजरला सोडत नाही.

तुझा,
गळेकाढू

रविवार, १५ जून

प्रिय बडबड्या,

वहिनींना आठवण काढली म्हणून सांग. मागचं पत्र मिळालं असेल तर फाडून टाक.

डेपोत गेलो. मॅनेजर उर्मट निघाला नाही, याचाच आधी राग आला. मी टेबलावर हात आपटून सगळं सुनावलं. तो म्हणाला, ‘साहेब, चला, आपण दोघं एक फेरी मारू.’ मला पुढच्या बाकावर बसवून तो शेजारी बसला. बस थांबली, सुटली, पुन्हा थांबली.

‘बघा!’ मी म्हटलं. ‘कुठे पुकारलं?’

तो माझ्या कानाजवळ आला. ‘दोन्ही वेळा पुकारलं, साहेब.’

‘खोटं बोलताय.’

‘तुमचा हात धरू का?’ त्याने विचारलं. न विचारता धरला नाही, हे त्याच्या बाजूने सांगायला हवं. माझा हात वर नेऊन त्याने एका जाळीवर ठेवला. स्पीकर होता. पुढचा थांबा आला आणि जाळी माझ्या तळव्याखाली थरथरू लागली. चांगली लांबलचक थरथर. थांब्याचं नाव, त्याच्या पुढचं नाव, सांभाळून उतरा, सगळं असणार त्यात. टेपवरची बाई बोलत होती, आणि माझ्या कानात येत होतं ते शेजारच्या घरात कुणी पातेलं घासावं तसं काहीतरी.

बडबड्या, फोनची लाइन बिघडलेली नाही.

मला आतून ठाऊक होतं का? थोडंसं. पण डोळे नसलेल्या माणसाने आता कानही चाललेत हे कोणत्या तोंडाने सांगायचं? त्यापेक्षा सगळं जग कुजबुजतंय असं मानणं सोपं होतं.

घरी येऊन हिला विचारलं, ‘तू माझ्यामागे कुजबुजतेस का?’

‘मी?’ ती ओरडली. ‘तुम्ही आत आलात की उलट मोठ्याने बोलते मी!’

‘मग मुलीशी सारखं काय चाललेलं असतं?’

ती माझ्या कानाशी आली. ‘तुम्हाला कानाच्या डॉक्टरकडे कसं न्यायचं, ते.’

म्हणजे शिजत होतंच! माझा संशय अगदीच पोकळ नव्हता.

मग राणीसरकारकडे गेलो. माफी मागितली. तिने ती चटकन दिली नाही, आणि ते मला आवडलं. ‘शेजारी बसा, मी तुमच्या कानाशी बोलते,’ म्हणाली. ‘तुम्ही गाताना खाली घसरता. मी मूळ सुरात उत्तर देते, वाटतं तुम्ही वर याल. तुम्ही येत नाही. मग आम्हीच तुमच्याकडे येतो.’

‘आम्ही म्हणजे?’

‘सगळे. अध्यक्षसुद्धा, आणि त्यांना तर सूर कशाशी खातात हेही माहीत नाही.’

मला गहिवरून यायला हवं होतं. संताप आला. ‘म्हणजे सगळ्यांनी मिळून माझी कीव केलीत.’

‘हो,’ ती म्हणाली. ‘चुकलंच. विचारल्याशिवाय कुणाची खुर्ची ढकलायची नाही, हे तुम्हीच शिकवलंत. आम्ही तुमची ढकलत राहिलो.’



डॉक्टर म्हणतात, यंत्र लावलं की बोलणं बरंचसं कळेल, पण गाण्यातले सूर वाकडेतिकडे ऐकू येतील. यंत्र तयार व्हायला वेळ आहे. काल यंत्राशिवायच व्यासपीठावर गेलो आणि प्रार्थनेआधी सांगून टाकलं, ‘मला कमी ऐकू येतं. यापुढे मी घसरलो तर माझ्यामागे येऊ नका.’ मंडळी गप्प राहिली की आपसात बोलली, मला समजलं नाही. तो अंदाज न बांधता पुढे सुरू करणं फार जड गेलं. मी मनगट पुढे केलं, राणीसरकारने धरलं. मी घसरलो की ती दाबायची, मी चढायचो. एकदा जास्तच चढलो तर तिने चिमटा काढला. प्रार्थना शेवटपर्यंत नेली. नंतर अध्यक्ष कानाशी येऊन असे ओरडले की डोकं बधिर झालं. ‘ओरडू नका,’ म्हटलं, ‘सावकाश बोला.’ ते सावकाश म्हणाले, यापुढे तुम्ही दोघं मिळून गा, समितीला आनंदच आहे. फार गोड बोलत होते. अजून पुरता विश्वास बसलेला नाही.

आता तुझी पाळी. गेलं वर्षभर फोनवर तू एकेक गोष्ट दोनदोनदा सांगायचास. मला वाटायचं, म्हातारा विसराळू झाला. खरं सांग, तुला कळलं होतं ना? हो म्हणालास तर चिडेन. नाही म्हणालास तर खरं मानणार नाही. तरी ये. माझ्याजवळ बस आणि जे काय वर्षभर सांगितलंस ते सगळं पुन्हा सांग. त्यातलं निम्मं मी ऐकल्याचं सोंग केलं होतं.

तुझी बडबड हुकलेला,
गळेकाढू