सागाची सावली

मूल (जि. चंद्रपूर), रविवार, १६ नोव्हेंबर

उद्या कुमुदचे वर्षश्राद्ध. तसबिरीसाठी तिचे एकटीचे असे एकच छायाचित्र सापडले. आमच्या लग्नानंतर आलापल्लीच्या जंगलात मीच काढलेले. अर्ध्या चेहऱ्यावर सागाच्या पानाची सावली. ती माझी चूक, असे आजवर मानत आलो.

काल युक्रेनमधील एका वृद्ध छायालेखकाची मुलाखत पाहिली. दिवे उचलणारा मदतनीस म्हणून सुरुवात, मग आयुष्यभर चित्रपट. तरुणपणी तो प्रत्येक चेहरा उजळून काढी. पुढे मात्र माणूस बसला असेल तिथलीच सावली राखू लागला. हे मला इतके का पटावे?

आज स्टुडिओवाले प्रमोदभाऊ म्हणाले, "सर, बाईंचा चेहरा गोरा करतो, मागं कमळं टाकतो. सगळेच करून राह्यले."

"सावली राहू द्या."

"लोकं मले नावं ठेवतीन ना."

"माझे नाव सांगा."

तसबीर भिंतीवर लागली. सावली आहे तशीच आहे. मन पुष्कळ दिवसांनी स्वस्थ वाटते. ओठ किंचित उघडे आहेत, हे मात्र आजच ध्यानात आले. "तुमाले फोटो काढता येत नाई," असे ती त्याच क्षणी म्हणत होती.