भिंतीकडे तोंड केलेले चित्र

दिनांक २ नोव्हेंबर २०२५ रोजी लिहिलेले माझे मृत्युपत्र रद्द समजावे. त्यातील कलम तीनमध्ये "माझे चित्र वडिलांनी नासवले" असे मी लिहिले होते. ते खोटे आहे. चूक माझी होती.

मी, मैत्री भीमराव ताकसांडे, वय २७, निसर्गचित्रकार, राहणार हडपसर, पुणे, हे पूर्ण शुद्धीत लिहीत आहे; कोणी सांगितले म्हणून नाही. येत्या गुरुवारी माझ्या मेंदूतली गाठ काढणार आहेत. जाग येईल, पण उजवा हात चालेलच असे नाही, असे डॉक्टर म्हणाले. जाग येईल हेही त्यांनी जरा थांबून म्हटले.

१. बँकेत जे असेल ते आणि माझे डूल आई हेमा हिला.

२. चित्रेही आईचीच. फक्त पळाटीच्या, म्हणजे कपाशीच्या, शेताचे छोटे चित्र फ्रेमवाले तात्याराव यांना द्यावे. ते म्हणाले होते, "शेत आहे, बांध आहे, माणूस एकही नाही. सगळे पुण्यात आले वाटतं?" मला राग आला होता. पण आम्ही आलोच होतो.

३. ब्रश व रंग बाबांना. याचा खुलासा करणे मला भाग आहे.

बाबा दुकानांच्या पाट्या रंगवायचे. शाळेआधी अक्षरे मी त्यांच्याकडेच, ब्रशने शिकले. त्यांच्याकडचा नियम असा: भिंतीकडे तोंड केलेली फळी बाद, तिच्यावर पांढरा मारायचा. माझी फसलेली चित्रेही मी तशीच ठेवायची आणि ते न बोलता फळी कोरी करून द्यायचे.

वर्धेकडच्या आमच्या गावाचा पळसाचा माळ मी तिथे बसून रंगवला होता. आता त्यावरून मोठा रस्ता गेला आहे. ते चित्र प्रदर्शनासाठी निवडले गेले. मार्चमध्ये, ऊन लागू नये म्हणून, मीच ते भिंतीकडे तोंड करून ठेवले आणि कोणाला काही न सांगता स्वारगेटहून कोल्हापूरची गाडी पकडली. परतले तेव्हा फळी पांढरी होती.

बाबा म्हणाले, "मले आवडलं होतं ते. पण तोंड भिंतीकडं होतं, माय. तुह्या मनातून उतरलं असन."

मी म्हणाले, "जन्मभर पाट्याच रंगवल्यात तुम्ही. चित्र कधी दिसलंच नाही तुम्हाला."

त्यानंतर त्यांनी ब्रश धरला नाही. मार्केट यार्डात एका गोदामावर राखण करतात. हात थरथरतो, असे आईला सांगतात. थरथरत नाही. काठोकाठ भरलेली बशी ते न सांडता तोंडाला लावतात, मी रोज पाहते.

४. ती पांढरी फळी बाबांची. खालचे चित्र कोणी खरवडू नये.

स्थळ: हडपसर, पुणे. दिनांक: १५ नोव्हेंबर २०२५.
सही: मैत्री भीमराव ताकसांडे
साक्षीदार: १. राधा गजभिये २. पोपट शेवाळे
(दोघांनाही यातून काही मिळत नाही. मी दोनदा तपासले.)

सहीनंतरची नोंद: हे बाबांनी माझ्यामागे वाचावे, अशी माझी आधी सोय होती. पण तेव्हा मागितलेली माफी त्यांना नाकारताही येणार नाही. म्हणून कलम तीन मी स्वतः त्यांच्यासमोर बसून वाचणार आहे. त्यांची सुट्टी मंगळवारी असते. मंगळवार, १८ नोव्हेंबर २०२५.