शरयूआत्याचं सुतक

दोहा, १६ ऑक्टोबर २०२२

ती. शरयूआत्यास,
नीताचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र संजीवने परवा आणून दिलं, भाजणीच्या पिशवीसकट. तू कानात मशीन घालणार नाहीस आणि फोन उचलणार नाहीस, त्यामुळे दोह्यातल्या प्रत्येक नाशिककराला आपला पोस्टमन व्हावं लागतं. संजीव काही बोलला नाही, पण पुढच्या वेळी भाजणी जरा कमी पाठव.

इथे वर्ल्ड कपखेरीज दुसरा विषय नाही. रस्ते रातोरात बदलतात, काल होतं ते वळण आज नसतं. अवधूत मेट्रोच्या कामात पार बुडालाय. घरी येतो तो जेवायला आणि झोपायला. नुपूरशी मी मराठीत बोलते, ती इंग्रजीत उत्तर देते आणि आम्हा दोघींनाही त्यात काही वावगं वाटत नाही.

नुपूरला पियानो शिकवायला येणारी लारिसा तुला आठवत असेल. मागे तिच्या वाढदिवसाला तू रशियन भाषेत भेटकार्ड पाठवलं होतंस. ते तिने अजून भिंतीला लावून ठेवलंय. तिकडे रशियात तरुण मुलांना सैन्यात भरती करताहेत हे तू पेपरात वाचलंच असशील. तिचा धाकटा भाऊ अर्तेम, लिफ्ट दुरुस्त करतो, तो सरहद्द ओलांडून कझाकस्तानात पोचलाय. तिथे एका थिएटरात जमिनीवर झोपतो म्हणे. त्याला दोह्याचं परवडणारं विमान मिळतंय ते नोव्हेंबरातलं, आणि नोव्हेंबरपासून इथे यायला वर्ल्ड कपचं हय्या कार्ड लागणार. मॅचचं एक तिकीट त्याने मिळवलंय, पण कार्डासाठी राहण्याची जागा आधीच दाखवावी लागते. हॉटेलांचे भाव आवाक्याबाहेर गेलेत. लारिसा शाळेच्या क्वार्टर्समध्ये राहते, तिथे पुरुष पाहुणा मुक्कामाला चालत नाही. म्हणून परवा तिने मला विचारलं, की तुमच्याकडे पाहुणा म्हणून त्याचं नाव टाकाल का. अल दुहैलचं हे घर मोठं आहे, नुपूरच्या शेजारची खोली तिने पाहिलेली आहे.

मी काहीतरी सांगून वेळ मारून नेली. परक्या मुलाचं नाव आपल्या पत्त्यावर, घरात तेरा वर्षांची मुलगी, उद्या कोणी चौकशीला आलं तर अवधूतच्या नोकरीचं काय, हे सगळं एकदम डोक्यात आलं.

तुझी तब्येत कशी आहे? उगाच बरी आहे म्हणून लिहू नकोस, खरं लिही. दिवाळीत स्वतःला जप.

लोभ आहेच, तो वाढवायची जबाबदारी तुझी.
तुझी,
नीता

•

नाशिक, २० ऑक्टोबर २०२२

चि. सौ. नीता हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

माझी तब्येत ठणठणीत आहे. तुला एकाएकी एवढी काळजी का वाटायला लागली ते कळलं नाही. काल मी स्वतः गंगेवर जाऊन पणत्या आणल्या आणि भावावरून कुंभारणीशी भांडून आले.

लारिसाचं वाचून मला मॉस्को आठवलं. एक्क्याण्णव सालच्या ऑगस्टमध्ये मी तिथे रशियन शिकवण्याचा कोर्स करत होते, हे तुला ठाऊक आहे. एका सकाळी उठलो तर रस्त्यावर रणगाडे. वकिलातीने बाहेर पडू नका म्हणून कळवलं होतं. मग आम्ही होस्टेलची परदेशी मंडळी गच्चीवर गेलो. भारतीय, क्यूबाचे, व्हिएतनामचे, सगळे. कोणी दुर्बीण आणली, कोणी चहा. रणगाडे कोणत्या पुलाकडे वळतात यावर पैजा लागल्या. लोकांचं राज्य उलथत होतं आणि आम्ही मॅच बघत होतो. आमच्या खिशात परतीची तिकिटं होती ना.

होस्टेलच्या दारावर तोन्यामावशी बसायची. तिचा मुलगा सैन्यात होता आणि त्यातल्या कुठल्या रणगाड्यात तो आहे की नाही हे तिला माहीत नव्हतं. ती जिना चढून वर आली, धापा टाकत. ओरडली नाही. एवढंच म्हणाली, की बघायचंच असेल तर खाली जाऊन बघा, आणि जाताना काहीतरी खायला न्या, ती पोरं सकाळपासून उपाशी आहेत. मी बटाट्याची भाजी केली होती ती पावात भरून नेली. पावसात भिजलेलं एक पोरगं रणगाड्यावर बसलं होतं. ते तिखटाने खोकत खोकत तीन पाव खाऊन गेलं आणि मला विचारत होतं, की आपल्याला इथे कशासाठी आणलंय. मला काय ठाऊक असणार!

असो. वेळ मारून नेलीस म्हणतेस, पण काय सांगून नेलीस ते लिहिलं नाहीस. मी तुला लहानपणापासून ओळखते. तू पत्रात एखादी गोष्ट गाळलीस की तिच्या आजूबाजूला माझ्या तब्येतीची चौकशी करतेस. काय ते सरळ कळव.

अवधूतरावांना आणि नुपूरला आशीर्वाद. आमच्यावरचा लोभ आटू देऊ नका.
तुझी,
शरयूआत्या

•

दोहा, २६ ऑक्टोबर २०२२
भाऊबीज

ती. शरयूआत्यास,
सा. न. वि. वि.

तू ओळखलंसच, तर लिहून टाकते. आत्या, मी तुला मारलं.

लारिसा उत्तराची वाट पाहत उभी होती आणि मला नाही म्हणता येईना. तोंडातून निघून गेलं की आमच्याकडे सुतक आहे, माझी नाशिकची आत्या गेली, आमच्यात तेरा दिवस घरात बाहेरचा पाहुणा घेत नाहीत, त्याचं नावही लावत नाहीत. दुसऱ्या कोणाचं नाव सुचलं असतं तर बरं झालं असतं, पण लारिसा माझ्या माणसांपैकी तुलाच तेवढी ओळखते, म्हणून तूच जिभेवर आलीस. तिचा चेहरा पांढरा पडला. तिने मला मिठी मारली आणि मी तिच्या खांद्यावर डोकं ठेवून उभी राहिले. अशा वेळी माणसाने काय करावं?

मग त्या खोट्यापायी सगळी दिवाळी गेली. ती कधीही येईल म्हणून मी कंदील लावला नाही, दारात रांगोळी नाही. चकल्या केल्या त्या खिडक्या बंद करून. नुपूर विचारत होती, आई, व्हाय आर वी हायडिंग? लक्ष्मीपूजनाच्या दिवशी लारिसा खरंच आली, हातात पांढरी फुलं. तुझ्यासाठी. तळणीचा वास घरभर होता. तिने काही विचारलं नाही, मलाच वाटलं की ती विचारेल. ती म्हणाली, की अर्तेमला मी कळवलंय, दुःखात असलेल्या घराला त्रास द्यायचा नाही.

काल अवधूतला सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, तो म्हणेल बरं केलंस. तो जेवता जेवता थांबला. म्हणाला, त्याच्या ऑफिसातल्या विजयकुमारने चार मित्रांची नावं स्वतःच्या पत्त्यावर टाकलीत, त्यात काही विशेष नाही. मला विचारायचं तरी होतंस, म्हणाला. म्हणजे नोकरीची भीती त्याची नव्हतीच, ती मीच त्याच्या नावावर घेतली होती.

आज भाऊबीज. मी इथून दादाला व्हिडिओवर ओवाळलं. ओवाळताना सारखी लारिसा डोळ्यांपुढे येत होती. मला माफ कर. आणि काय करू ते सांग.

तुझी, रागावलीस तरी तुझीच,
नीता

•

नाशिक, ३१ ऑक्टोबर २०२२

चि. नीतास,
आशीर्वाद, यावेळी उत्तम नाहीत, नुसतेच.

पत्र वाचून आधी मी हसले. शेजारच्या अंजनाला वाचून दाखवलं, तर ती माझ्याकडे अशी बघायला लागली की तिला मी खरीच मेलेली वाटले असेन. पण अगं, खोटं बोलायचं तर धड तरी बोलावं! तू लग्न झालेली मुलगी. आत्याचं सुतक तुला तेरा दिवस लागतंय कुठे? फार तर एक अंघोळ. एका अंघोळीने संपणारं सुतक तू तेरा दिवस ताणलंस आणि तेही बिचाऱ्या परक्या बाईसमोर, जिला यातलं काही कळत नाही.

हसून झाल्यावर मात्र मला राग आला. मी मेले याचा नाही. वयाच्या हिशोबाने ते आज ना उद्या व्हायचंच आहे. तू दार लावलंस याचाही फारसा नाही, भीती सगळ्यांना वाटते. पण तू दार लावलंस आणि वर तिच्याकडून सांत्वन घेतलंस. जिच्या भावाच्या जिवाचा प्रश्न होता, तिला तू माझ्यासाठी रडायला लावलंस. ते मला सहन होत नाही.

हे पत्र मिळेल त्या दिवशी उठून तिच्याकडे जा. खोली आहे म्हणून सांग, नाव घाला म्हणून सांग. आणि मी जिवंत आहे हेही सांग. दुसरं पहिल्यापेक्षा अवघड आहे, म्हणून ते आधी सांग.

तुझं वागणं आवडलं नाही, तू आवडतेस. त्यात फरक पडणार नाही.
तुझी,
शरयूआत्या

•

दोहा, २३ नोव्हेंबर २०२२

ती. शरयूआत्यास,
सा. न. वि. वि.

उत्तराला उशीर केला. लिहायला तोंड नव्हतं. गावभर पाहुणे आलेत, अर्जेंटिनाचे शर्ट घातलेली माणसं आमच्या कंपाउंडसमोर नाचत असतात, आणि मी पडदे ओढून घरात बसते.

तुझं पत्र मिळालं त्याच दिवशी मी आणि अवधूत लारिसाकडे गेलो होतो. पण तू सांगितलंस तसं केलं नाही. अवघड ते मागे ठेवलं. सुतक फिटलं, आता खोली देतो, एवढंच बोलले. तिने दोघांचे आभार मानले आणि म्हणाली, की आता नको. इथे जागा नाही कळल्यावर अर्तेम किती दिवस थिएटरात झोपणार? थंडी वाढली, जवळचं सगळं संपलं, आई घरी आजारी होती. तो परत गेला. पोचला त्याच आठवड्यात दारावर भरतीवाली माणसं आली आणि त्याला घेऊन गेली. आता तो कुठे आहे ते लारिसाला आणि आईला माहीत नाही. हे ऐकल्यावर मला तुझं काही सांगता आलं नाही. आम्ही तिच्याकडचा चहा पिऊन परत आलो.

काल ती आमच्याकडे आली. त्यांच्यात माणूस गेल्यावर चाळिसावा दिवस करतात. मी विसरले होते, तिने मनात धरून ठेवला होता. धिरडी करून आणली होती आणि मध-मनुके घातलेला भात. तुझ्या आत्याचा आत्मा आज निरोप घेतो, तिच्या नावाने दोन घास खा, म्हणाली. चर्चमध्ये ती दोन नावं देते, गेलेल्यांत तुझं आणि जिवंतांत अर्तेमचं. तिने माझ्यापुढे ताट ठेवलं. घास उचलला, पण तोंडापर्यंत जाईना.

मग मी सगळं सांगितलं. इंग्रजीत सांगितलं, म्हणून असेल, फारच थोड्या शब्दांत संपलं. माझी आत्या जिवंत आहे, ती कधी मेलीच नव्हती.

तिला आधी कळलं नाही. कळलं तेव्हा ती हसली, आत्या, अगदी मनापासून हसली. माझे दोन्ही हात धरले आणि म्हणाली, बरं झालं, फार बरं झालं, कोणीतरी एक तरी परत आलं. डोळे पुसले तिने. देवाचे आभार मानले. मी तिला थांबवू शकले नाही.

मग ती हसायची थांबली. धिरड्यांच्या डब्यावर झाकण ठेवलं आणि नुपूरच्या शेजारच्या खोलीच्या दाराकडे बघून हळूच विचारलं, की म्हणजे तेव्हा ती खोली रिकामीच होती का.

मी हो म्हणाले.

ती उठून गेली. दार तिने आवाज न करता लावलं. डबा इथेच राहिलाय.

आशीर्वाद मागायचा धीर होत नाही. तेवढं पत्र मात्र पाठव.
तुझी,
नीता