खांद्यावरची बाई

६ मे १९५७, लॉस एंजेलिस

म्हणे, "बाईमाणसाची कॉफी वाहायला कॅन्सस सोडलंस का?" एल्मरदादाने पुन्हा तेच लिहिलंय. मागच्या पत्रात तेच, ईस्टरला घरी गेलो तेव्हा जेवताना तेच. त्याला डुकरं कळतात, सिनेमा नाही. मी कॉफी वाहत नाही. मिस ग्वेन हॅलोरन या नटीचं करिअर सांभाळतो. तिला हे अजून सांगितलेलं नाही, एवढंच.

आईचा चष्मा फुटलाय. नव्याला वीस डॉलर. मी कबूल केलेत. मी सिनेमात दिसेन तेव्हा तिला स्वच्छ दिसलं पाहिजे.

८ मे

करिअरचा अभ्यास केला. मिस हॅलोरन दहा वर्षं राक्षसांच्या सिनेमांत आहे. कधी नर्स, कधी प्रोफेसरची सेक्रेटरी, पण कायम नायिकेची मैत्रीण. सिनेमा अर्ध्यावर आला, की राक्षस येऊन तिला उचलून नेतो, काम संपलं.

दोष सापडला! आमच्या धंद्याचा रिवाजच आहे, नायिकेला राक्षस दोन्ही हातांवर घेतो आणि मैत्रिणीला खांद्यावर टाकतो. म्हणजे नायिकेचा दिसतो चेहरा आणि मिस हॅलोरनच्या चपला. दहा वर्षं अख्खी अमेरिका या बाईच्या टाचा बघतेय!

तिला सांगितलं. म्हणाली, "टाचा तर टाचा, पोरा. पगार त्यांनाच मिळतो. आणि कॉफीत साखर विसरलास."

माझ्यावरचा विश्वास वाढतोय.

१३ मे

नशीब उघडलं. आमच्या चालू सिनेमात खेकडामाणूस होणाऱ्या बडीच्या पाठीत उसण भरली. रबराचा पोशाख माझ्या मापाचा निघाला. डायरेक्टर प्रुइटसाहेब म्हणाले, "अक्कल लागत नाही. चालता येतं ना?" म्हटलं, लहानपणापासून.

निश्चय: उद्या मिस हॅलोरनला दोन्ही हातांवर न्यायचं. कुणाला बोलायचं नाही. फक्त बडीच्या कानावर घातलं, तर म्हणाला, "अरे गाढवा, एक हात मोकळा ठेवायचा असतो, कारण..." पुढचं ऐकलं नाही. जुन्या लोकांना नवं खपत नाही.

घरमालकिणीच्या पिठाच्या पोत्यावर सराव केला. पोतं फुटलं. आधीच कमकुवत होतं.

१४ मे, दुपार

घेतलं दोन्ही हातांवर. चेहरा थेट कॅमेऱ्याकडे. ती ओठ न हलवता म्हणाली, "खांद्यावर टाक, मूर्खा." स्वभावच भिडस्त.

खेकड्याच्या तोंडातून फक्त स्वतःचा पाय दिसतो, तोही एकच. मोकळा हात लागतो तो भिंत चाचपायला. हे कुणीतरी आधी सांगायला हवं होतं.

गुहा पडली. प्लास्टरचीच, पण आवाज खऱ्या डोंगराचा. मिस हॅलोरन ढिगाऱ्यातून उठली. केसांत माझी नांगी अडकलेली. ती उपटून त्याच नांगीने मला बडवायला लागली. म्हणाली, "मला गोरिलाने उचललं, मंगळावरच्याने उचललं, एकदा तर एका भोपळ्याने उचललं! पण आपटलं तूच! आईने तुला चालायला शिकवलं की लोळायला?" कॅमेरा चालूच राहिला, कारण कॅमेरावाला हसून हसून स्टुलावरून पडला होता.

योजना बहुतांशी यशस्वी.

२२ मे

गंमत म्हणून फिल्मचा तो तुकडा सगळीकडे फिरला. टेलिव्हिजनवर एका साबण कंपनीची विनोदी मालिका येतेय, त्यांना खवचट शेजारीण हवी होती. मिस हॅलोरनला घेतलं! दर आठवड्याला, आणि चेहऱ्यासकट! मी म्हटलंच होतं.

मॅनेजरला शोभेल असा टाय घेतला. नारळाच्या झाडाचं चित्र आहे.

२४ मे

ती स्टुडिओतलं सामान न्यायला आली. मी टाय घालून दारात उभा. म्हटलं, पत्रव्यवहार मी बघेन, माझ्या टक्क्यांचं नंतर ठरवू. ती बराच वेळ हसली. मग गालावर थोपटून म्हणाली, "खेकड्या, तुझे उपकार आहेत रे. त्या खांद्यावरून मला उतरवलंस. पण आता कुणाला उचलू नकोस, बाबा." माझ्यासाठी कॉफी आणली होती, स्वतःच्या हाताने. साखर नव्हती.

टॅक्सीतून गेली. काचेतून चेहरा दिसत होता. स्वच्छ.

३१ मे

पगार झाला. गुहेचे कापले. नांगीचे कापले. पिठाचे घरमालकिणीने घेतले. टाय दुकानदार परत घेत नाही.

बडी परत आला. मी परत कॉफी आणि झाडूवर. गुहेचा प्रसंग नव्याने घेतला, बडीने खांद्यावर एक पुतळा टाकला आणि गेला सरळ. पुतळ्याच्या पायात चपला मिस हॅलोरनच्याच. म्हणजे ती सिनेमात आहे. मी नाही.

एल्मरदादाला लिहिलं, आईला सांग चष्म्याची घाई नको, सध्या बघण्यासारखं विशेष काही नाही. सोबत तीन डॉलर.