जीपनीच्या कपाळावरचं नाव

३ डिसेंबर
आज चाळीस व्हिडिओ पाहिले. अभ्यास म्हणून. गंजलेलं खेळणं येतं, घासलं जातं, चमकतं. मन इतकं शांत झालं की भात करपला. ठरलं. माझी बायको मिंडा दोन वर्षांनी दोहाहून सुट्टीवर येतेय, बावीसला. तिची लहानपणची पत्र्याची जीपनी, आमच्या रस्त्यांवरच्या रंगीत प्रवासी गाडीचं खेळणं, नवीकोरी करून हातात ठेवायची. सार्डिनच्या डब्यांची आहे, सासऱ्यांनी केलेली. शिवाय माझं चॅनलही सुरू होईल.

५ डिसेंबर, सकाळी
‘आधी’चं शूटिंग झालं. अकरा मिनिटं, एका दमात. उपजतच आहे माझ्यात.

५ डिसेंबर, दुपारी
थिनरमध्ये बुडवली. सगळा रंग गेला. सासूबाई डोकावल्या, मी दार लोटलं. कलाकाराला एकांत लागतो.

८ डिसेंबर
एक चाक हरवलं. व्हिडिओत कुणाचं हरवत नाही. तेवढा भाग कापत असणार.

११ डिसेंबर
सासूबाईंनी जीपनीबद्दल विचारलं. दुरुस्तीला घेतलीय म्हणालो. त्या म्हणाल्या, "रंगाला हात लावू नकोस हो, नेस्तोर. ह्यांनी जन्मभर दुसऱ्याची जीपनी हाकली. ज्याची गाडी, त्याच्या पोरांची नावं कपाळावर, काचेच्या वर. आमच्या मिंडाचं नाव त्या एकाच गाडीवर आहे."
मी ताट उचलून खोलीत आलो.

१२ डिसेंबर
घाबरण्यासारखं काही नाही. नाव ‘आधी’च्या व्हिडिओत आहे. बघून तसंच रंगवायचं. तज्ज्ञ शूटिंग करतात ते उगाच नाही.

१३ डिसेंबर
व्हिडिओ पाहिला. मोबाइलचा पुढचा, सेल्फीचा कॅमेरा चालू होता. अकरा मिनिटं मी बोलतोय. जीपनी माझ्या डोक्यामागे. कानापाशी लाल रंगाचा एक कोपरा दिसतो. मान एकदाही हलवली नाही मी.

१६ डिसेंबर
नाताळाआधी चर्चमधल्या पहाटेच्या नऊ मिसा, नऊ प्रार्थना, न चुकवता केल्या की इच्छा पुरी होते. आज पहिली. झोप लागली.

१९ डिसेंबर
नाव तेवीस वेळा लिहून पुसलं. सासऱ्यांचं अक्षर वाकडं होतं. माझंही वाकडंच, पण माझ्यासारखं. खोलीला दार एकच, ते सासूबाईंच्या खुर्चीसमोर उघडतं. जेवण आतच मागवतो. पोट बिघडलंय म्हणून सांगितलंय. आता खरंच बिघडलंय.

२२ डिसेंबर, संध्याकाळी
मिंडा आली. बॅगा उघडायच्या आधी जीपनी मागितली. दिली. चकचकीत, तीन चाकांची. तिनं कोऱ्या कपाळावरून अंगठा फिरवला. बराच वेळ. मग मी सगळं सांगितलं. ती रडली नाही, नुसता व्हिडिओ मागितला.
अकराही मिनिटं पाहिला. परत लावला. मी बाजूला बसून होतो. शेवटी स्क्रीनकडेच बघत म्हणाली, "जरा सरक ना. तुझं तोंड मधे येतंय."
मी सरकलो. खुर्चीवरून.